लॅक्स्टन : बांधावाचून नांदणारे गाव

इंग्लंडचा इतिहास म्हटला म्हणजे राजे, लढाया, पार्लमेंट आणि आरमार यांचीच आठवण आपणांस प्रथम होते. जो देश शतकानुशतके नांगरावर जगला, त्या देशातील नांगर धरणाऱ्यांची हकीकत मात्र ग्रंथांच्या एखाद्या कोपऱ्यात दोन परिच्छेदांत उरकलेली असते. याला कारणही आहे. राजवाडे उभे राहतात, किल्ल्यांचे अवशेष राहतात. पण शेत नांगरण्याची पद्धत एकदा बदलली म्हणजे जुन्या पद्धतीची खूण पुसून टाकण्यास एक पावसाळा पुरतो. म्हणूनच ज्या गावात ही खूण अद्याप पुसली गेलेली नाही, इतकेच नव्हे तर जेथे जुन्या रीतीने दरसाल पेरणी होते आणि जुन्याच रीतीने तंटे तोडले जातात, अशा एका लहानशा गावाची माहिती वाचकांपुढे ठेवावी असे वाटले. त्या गावाचे नाव लॅक्स्टन.

लंडनच्या उत्तरेस सुमारे सव्वाशे मैलांवर नॉटिंगहॅमशायर या परगण्यात हे गाव आहे. रॉबिन हूडच्या गोष्टींतील शेरवुडचे अरण्य येथून पश्चिमेस जवळच आहे. वस्ती काही शे माणसांची. माती चिकण व जड. पावसात बुटाला चिकटणारी. गावात एक जुने देऊळ, म्हणजे सेंट मायकेलचे चर्च, एक मद्यगृह, आणि रस्त्याच्या दोन्ही अंगांना विटांची शेतकऱ्यांची घरे. घरामागे गोठे व कोठारे, त्यांच्यामागे लांबट परस. एवढे वर्णन ऐकून कोणी म्हणेल की, अशी गावे इंग्लंडात शेकडो असतील. आहेतही. पण गावातून बाहेर पडून शिवारात गेले म्हणजे फरक डोळ्यांत भरतो. इतरत्र इंग्लंडची भूमी हिरव्या कुंपणांनी लहान लहान चौकटींत विभागलेली दिसते. लॅक्स्टनच्या शिवारात दृष्टी पोचेल तेथवर कुंपण नाही, भिंत नाही. जमीन एका माणसाची असावी असे वाटते. पण त्या एकसंध दिसणाऱ्या शेतात अनेक कुळांचे पट्टे एकमेकांस लागून पडलेले आहेत.

या शिवाराचे तीन मोठे भाग आहेत. त्यांना पश्चिमशेत, दक्षिणशेत आणि गिरणीशेत अशी नावे देता येतील. तिसऱ्या भागात एके काळी पवनचक्की होती, त्यावरून ते नाव पडले. तिन्ही मिळून क्षेत्र पाचशे एकरांहून थोडे कमी भरते. यांपैकी एका शेतात शरद ऋतूत गहू पेरावयाचा, दुसऱ्यात वसंतात जव किंवा तत्सम धान्य, आणि तिसरे पड ठेवावयाचे. पुढील वर्षी गव्हाच्या शेतात जव, जवाच्या शेतास विश्रांती, विश्रांती मिळालेल्या शेतात गहू. चौथ्या वर्षी चक्र पुन्हा मूळ ठिकाणी येते. पड शेतावर व पीक निघालेल्या रानावर गावाची गुरेमेंढरे एकत्र चरत, आणि त्यांच्या शेणालेंड्यांनीच जमिनीस खत मिळे. रासायनिक खतांचे नावही ठाऊक नव्हते अशा काळात जमिनीचा कस टिकविण्याचा यापरता उपाय नव्हता. अलीकडे पड शेतात चाऱ्याचे पीक घेण्याची मुभा दिलेली आहे. पण तीन वर्षांचे चक्र मोडलेले नाही.

आता प्रत्येक शेतकऱ्याची जमीन एके ठिकाणी नसून तिन्ही शेतांत पट्ट्यापट्ट्यांनी विखुरलेली असते, ती का? याचे एक कारण ऐकताक्षणीच पटते. एखाद्याची सर्व जमीन एकाच शेतात असेल, तर ते शेत पड राहील त्या वर्षी त्याने खावे काय? तेव्हा तिन्ही शेतांत वाटा हवाच. पण एका शेतातही त्याचे पट्टे निरनिराळ्या जागी का असावेत? पुष्कळ विद्वान म्हणतात की, चांगली व वाईट, उतारावरची व पाणथळ अशी जमीन सर्वांच्या वाट्यास सारखी यावी म्हणून. ऑक्सफर्ड येथील शेतीच्या अर्थशास्त्राचे अभ्यासक डॉ. ऑर्विन व त्यांच्या पत्नी यांनी लॅक्स्टनच्या कागदपत्रांचा कसून अभ्यास करून १९३८ साली खुल्या शेतांविषयी एक ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यात त्यांनी दुसरा विचार मांडला. जड मातीत नांगर ओढण्यास अनेक बैल लागत. इतके बैल एकट्याच्या गोठ्यात कोठून असणार? शेजारी मिळून नांगर जोडीत. एका दिवसात जेवढे नांगरून होई तो एकाचा पट्टा, दुसऱ्या दिवशीचा दुसऱ्याचा, तिसऱ्या दिवशीचा तिसऱ्याचा. पाळी फिरून पहिल्याकडे येई तोवर नांगर बराच पुढे गेलेला असे. म्हणून पट्टे विखुरलेले. मला स्वतःला ही दुसरी उपपत्ती अधिक मानवते. न्यायाने वाटणी करू असे ठरवून गावे वसत नाहीत. कामाची सोय आधी होते, आणि न्याय मागाहून तिच्यात दिसू लागतो.

या दिवसभराच्या नांगरटीचा आपल्याशीही एक संबंध आहे, तो सांगितल्यावाचून राहवत नाही. बैलांना दम न घेता सरळ जेवढे लांब तास धरता येई, त्या लांबीस इंग्रज शेतकरी ‘तासाची लांबी’ म्हणे. आपण ज्याला फर्लांग म्हणतो, त्या शब्दाचा मूळ अर्थ हाच. ही लांबी २२० यार्ड ठरली. तेवढ्या लांबीची बावीस यार्ड रुंद जमीन म्हणजे एक एकर. साधारणपणे एका नांगराचे एका दिवसाचे काम. पुढे मुंबई इलाख्यात इंग्रज सरकारने जमिनीची मोजणी केली, तेव्हा तेहतीस फुटांची साखळी घेऊन तिच्या चौरसास गुंठा म्हटले आणि चाळीस गुंठ्यांचा एकर धरला. आपल्याकडे बांधावर उभे राहून अमक्याचे दोन एकर दहा गुंठे असे जेव्हा कोणी म्हणतो, तेव्हा चिखलातून पाय ओढीत चाललेल्या इंग्रजी बैलांच्या एका दिवसाचाच तो हिशेब करीत असतो. त्याला ते ठाऊक नसते एवढेच.

आणि बांध म्हणाल, तर लॅक्स्टनच्या पट्ट्यांमध्ये बांध असा नव्हताच. पट्टा मध्यभागी उंच व कडेला उतरता होई, कारण नांगर दरवर्षी माती आतल्या अंगास लोटी. दोन पट्ट्यांमध्ये जी खोल सरी राही तीच हद्द. सरी ही काही दगडी भिंत नव्हे. शेजाऱ्याने नांगर वीतभर इकडे घातला की हद्द वीतभर सरकली. आपल्या गावांतील किती भाऊबंदक्या अशा वीतभर जमिनीपायी पिढ्यान् पिढ्या चालल्या आहेत, हे वाचकांस सांगावयास नको. मग जेथे बांधही नाही तेथे हे सगळे इतकी वर्षे चालले तरी कसे? या प्रश्नाचे उत्तर देण्यापूर्वी गावाचा पूर्वेतिहास थोडक्यात सांगितला पाहिजे.

१०६६ साली नॉर्मंडीच्या विल्यमने इंग्लंड जिंकले आणि वीस वर्षांनी, १०८६ साली, जिंकलेल्या देशाची मोजदाद करून एक मोठी नोंदवही तयार करविली. तीत लॅक्स्टनचे नाव आहे. पूर्वीचा धनी टोकी नावाचा होता. त्याच्या जागी जेफ्री अल्सेलिन हा नॉर्मन सरदार आलेला दिसतो. पुढे गावाच्या उत्तरेस टेकाडावर मातीचा उंच गड उभारण्यात आला. शेरवुडच्या राजअरण्याची राखण ज्या घराण्याकडे होती, त्याचे ठाणे येथेच होते. आज गडावर इमारत नाही; गवताने झाकलेला उंचवटा व खंदक मात्र स्पष्ट दिसतात. त्याच घराण्याच्या पुढील वारसांपैकी एव्हरिंगहॅम कुळातील स्त्रीपुरुषांच्या आडव्या मूर्ती चर्चमध्ये आहेत. त्यांत एक स्त्रीमूर्ती ओक वृक्षाच्या लाकडाची आहे. दगडाच्या मानाने लाकूड किती लवकर कुजते हे लक्षात घेता ती राहिली हेच नवल. मोठ्या लोकांचा इतिहास लॅक्स्टनपुरता येथेच संपला म्हटले तरी चालेल. गडावरचे गेले, खालचे शेतकरी राहिले.

सतराव्या शतकात हे गाव सर विल्यम कोर्टन या लंडनच्या धनाढ्य व्यापाऱ्याच्या मालकीचे झाले. याचा बाप फ्लँडर्समधून धर्मछळामुळे परागंदा होऊन आलेला. मुलाने कापडाच्या व्यापारात अफाट पैसा मिळविला, जहाजे बांधली, बार्बाडोस बेटात वसाहत वसविली. आपण काय विकत घेतले आहे हे व्यापाऱ्यास नेमके ठाऊक हवे असते. म्हणून त्याने मार्क पियर्स नावाच्या मोजणीदाराकडून १६३५ साली गावाची मोजणी करविली. प्रत्येक पट्टा, त्याचे क्षेत्र, तो कोणाकडे आहे, हे सर्व एका वहीत लिहिले गेले आणि सोबत चामड्याच्या नऊ तावांवर एक नकाशा रंगविण्यात आला. त्यात दोन हजारांवर पट्टे दाखविले आहेत. मोजणीदार रसिक असावा. मोकळ्या जागी त्याने नांगर धरणारे, बी फेकणारे, कापणी करणारे लोक आणि शिकारीची दृश्ये चितारली आहेत. हा नकाशा ऑक्सफर्ड येथील बॉडलियन ग्रंथालयात आहे. तो घेऊन आजही शिवारात उभे राहिले, तर तीन शेतांची ठेवण ओळखू येते.

येथे एक योगायोग सांगण्यासारखा आहे. ज्या १६३५ साली लॅक्स्टनचा नकाशा होत होता, त्याच सुमारास कोर्टनने राजा पहिला चार्ल्स याच्याकडून पूर्वेकडील व्यापाराची सनद मिळविली. ईस्ट इंडिया कंपनीस हा प्रतिस्पर्धी मुळीच आवडला नाही. कोर्टनची गलबते कॅप्टन वेडेल याच्या हाताखाली १६३६ च्या एप्रिलात इंग्लंडहून निघाली आणि त्याच वर्षी गोव्यास पोचली. कोर्टन मात्र ही बातमी ऐकावयास जिवंत नव्हता. गलबते वाटेत असतानाच तो वारला. त्याच्या मंडळीने पुढे कारवार येथे वखार घातली. कारवारच्या मिऱ्यांवर डोळा ठेवणारा आणि लॅक्स्टनच्या चिखलातील पट्टे मोजविणारा माणूस एकच होता. मिऱ्यांच्या व्यापारात घराणे बुडाले. वारसांवर कर्जाचा डोंगर झाला, आणि थोड्याच वर्षांत लॅक्स्टन पियरपाँट या सरदार घराण्याकडे गेले. त्याच घराण्यातील लोक पुढे अर्ल मॅनव्हर्स या पदवीने ओळखले जाऊ लागले.

यानंतरच्या दोन शतकांत इंग्लंडच्या खेड्यांवर जे संकट म्हणा वा स्थित्यंतर म्हणा आले, त्याला कुंपणबंदी असे नाव देता येईल. जमीनदार पार्लमेंटाकडून गावापुरता स्वतंत्र कायदा करवून घेत. कायदा झाला की आयुक्त येत, सर्व पट्टे एकत्र करीत, गायरानासकट सगळी जमीन नव्याने वाटून देत, आणि ज्याने त्याने आपल्या वाट्यास कुंपण घालावे असा हुकूम सोडीत. १६०४ पासून १९१४ पर्यंत असे पाच हजारांहून अधिक कायदे झाले आणि सुमारे अडुसष्ट लक्ष एकर जमीन त्यांखाली आली. यात लाभ नव्हता असे नव्हे. कुंपणाच्या आत शेतकरी आपल्या बुद्धीने हवे ते पीक घेऊ लागला, गुरांची अवलाद सुधारता येऊ लागली, वाढत्या शहरांस धान्य मिळाले. खुल्या शेतात एकाच्या आळसाने माजलेले तण दुसऱ्याच्या पट्ट्यात शिरे. एकाचे रोगट मेंढरू साऱ्या कळपास भोवे. हे दोष खरेच होते.

पण ज्याच्याजवळ जमीन नव्हती, फक्त गायरानावर एक गाय सोडण्याचा रिवाज होता, त्याचे काय झाले? रिवाज कागदावर नसेल तर त्यास काहीच मिळाले नाही. कागदावर असेल तर एखादा तुकडा मिळाला, ज्याला कुंपण घालण्याचा खर्च त्याच्या आवाक्याबाहेर होता. तुकडा विकला, गाय विकली, मुलांच्या तोंडचे दूध गेले. सरपण गोळा करण्याची रानेही गेली. आर्थर यंग हा शेतीविषयक लेखक प्रथम कुंपणबंदीचा मोठा पुरस्कर्ता होता. खेडोपाडी हिंडून हे दृश्य पाहिल्यावर १८०१ साली त्यानेच गरिबांना भूमी द्या असे लिहिले. नॉर्थँप्टनशायरमधील हेल्पस्टन गावास १८०९ च्या कायद्याने कुंपणे पडली. तेथील शेतमजूर जॉन क्लेअर हा पुढे कवी झाला. लहानपणी ज्या माळावर तो मुक्त हिंडला त्यावर मनाईच्या पाट्या लागल्याचे दुःख त्याच्या काव्यातून कधी गेले नाही.

मग लॅक्स्टन कसे वाचले? शेतकऱ्यांनी बंड केले, की दयाळू जमीनदाराने परंपरेचा मान राखला? दोन्ही नाही. गावात दोन बडे जमीनदार होते, अर्ल मॅनव्हर्स आणि अर्ल ऑफ स्कारबरो. त्यांच्याखेरीज काही लहान मालक. कुंपणबंदीस बड्या मालकांची संमती व बराच पैसा लागे. या दोघांचे लवकर जमले नाही. वकील, मोजणीदार, कुंपणे, नवी घरे यांचा खर्चही परवडेना. १८६० नंतरच्या दशकात उभयतांनी काही जमिनींची अदलाबदल केली, तोवर कुंपणबंदीची लाट ओसरली होती. तेव्हा गाव वाचले ते बऱ्याच अंशी मोठ्यांच्या दिरंगाईने. हे ऐकून काहींची निराशा होईल. पण इतिहासात पुष्कळ चांगल्या गोष्टी अशाच राहून गेलेल्या आहेत. सर्व शिवार राहिले असेही नाही. काही भागास निरनिराळ्या वेळी कुंपणे पडलीच, आणि विसाव्या शतकाच्या आरंभी पट्टे जोडून मोठे करण्यात आले, त्यामुळे त्यांची संख्या पुष्कळ घटली.

पुढे १९५२ साली अर्ल मॅनव्हर्सने गाव इंग्लंडच्या शेतीखात्यास विकले. जुनी पद्धत चालू राहावी हा त्यातील हेतू होता. परंतु सरकारची मने बदलतात. सुमारे पंचवीस वर्षांनी खात्याने हे ओझे उतरविण्याचे ठरविले, तेव्हा लोकांनी व विद्वानांनी गवगवा केला, आणि १९८१ साली गाव राजसंपत्तीचा कारभार पाहणाऱ्या मंडळाकडे गेले. त्या मंडळानेही काही वर्षांपूर्वी ते विकावयास काढले. २०२० साली ते थोर्सबी इस्टेटीने घेतले. ही इस्टेट मॅनव्हर्स घराण्याच्याच वारसांची. प्रत्येक विक्रीच्या वेळी गावकऱ्यांच्या मनात हीच धास्ती की, नवा मालक तीन शेते ठेवील की मोडील? कारण एक गोष्ट विसरता कामा नये. लॅक्स्टनचे बहुतेक शेतकरी जमिनीचे मालक नाहीत. ते कुळे आहेत. सामाईक आहे ती मालकी नव्हे, वहिवाट. आणि वहिवाट सांभाळण्याचे काम ज्या संस्थेकडे आहे तिची हकीकत आता सांगावयाची आहे. बांधावाचून चालते कसे, याचे उत्तरही तिच्यातच आहे.

या संस्थेस कोर्ट लीट म्हणतात. मध्ययुगात प्रत्येक जहागिरीत जहागीरदाराचे असे एक न्यायालय असे. वजनेमापे, गावचे रस्ते, मोकाट गुरे, हद्दीचे तंटे, सारे काही त्याच्यापुढे येई. मोठी न्यायालये आली तशी ही लहान न्यायालये नाममात्र उरली. १९७७ च्या न्यायदानविषयक कायद्याने देशातील अशा बहुतेक न्यायालयांचे उरलेसुरले न्यायाधिकारही काढून घेतले. लॅक्स्टनचे मात्र राखले, कारण तेथे त्यांचा खरोखरीच उपयोग होत होता.

नोव्हेंबरच्या अखेरच्या गुरुवारी ज्यूरीचा दिवस असतो. त्या वर्षी ज्या शेतात गहू पेरला असेल त्याच शेताची तपासणी करावयाची, असा नियम आहे. म्हणजे प्रत्येक शेताची पाळी तीन वर्षांनी येते. बारा ज्यूरर व त्यांचा मुख्य सकाळी जमतात. हे सर्व गावचेच शेतकरी. एका गाडीत लाकडी खुंट्या व हातोडे टाकून मंडळी शिवारात जातात. पूर्वी घोड्याची गाडी असे, आता ट्रॅक्टर असतो. इंग्लंडातील नोव्हेंबर म्हणजे धुके, गार वारा आणि घोट्यापर्यंत चिखल. पट्ट्याच्या एका टोकास एक माणूस उभा राहतो, दुसऱ्या टोकास दुसरा. नजरेने रेघ धरून खुंटी जेथे असावयास पाहिजे तेथे आहे की नाही हे पाहतात. खुंटी हरवली असेल तर नवी ठोकतात. जागेविषयी मतभेद झाला तर तेथेच, चिखलात उभे राहून, वाद होतो व मिटतो. कोणी नांगर रस्त्यावर घातला आहे काय, कोणी गवताच्या पट्टीत शिरला आहे काय, कोणी रानात केरकचरा टाकून ठेवला आहे काय, याची नोंद होते.

या गवताच्या पट्ट्यांविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. शिवारात ओघळींच्या कडेने व नांगर न चालणाऱ्या खळग्यांतून गवताच्या चिंचोळ्या पट्ट्या राखलेल्या आहेत. त्या कोणा एकाच्या नाहीत. त्यांतील गवताचा दरवर्षी उन्हाळ्यात लिलाव होतो आणि पैसा चराईचा हक्क असलेल्यांत वाटला जातो. शतकानुशतके नांगर न लागल्यामुळे तेथे अशी रानफुले टिकून आहेत की जी आसपासच्या शेतांतून केव्हाच नाहीशी झाली. त्यासाठी या पट्ट्यांस सरकारी संरक्षणही मिळाले आहे. पण फुलांसाठी त्या कोणी राखल्या नव्हत्या. शेजारी नांगर आत घालील आणि आपले गवत जाईल, या साध्या स्वार्थाने साऱ्या गावाने त्यांच्यावर डोळा ठेवला, म्हणून त्या राहिल्या.

तपासणी आटोपल्यावर ज्यूरीची मंडळी गावच्या मद्यगृहात जेवावयास जातात. या घराचे नाव ‘कबुतरखाना’ अशा अर्थाचे आहे. जेवणानंतर दंड ठरविण्यात येतो. येथेच या संस्थेचे खरे मर्म आहे. ज्याला दंड करावयाचा तो दूरचा गुन्हेगार नसतो. तो समोरच्या घरात राहतो. कित्येकदा तो त्याच मेजावर बसलेला असतो, कारण ज्युरराच्या पट्ट्यातही चूक सापडू शकते. त्यास दंड सांगणारा माणूस पुढील वर्षी स्वतः दंडास पात्र ठरू शकतो, हे दोघांसही पक्के ठाऊक असते. म्हणून दंड फार मोठा नसतो आणि माफही होत नाही. रकमेपेक्षा गावासमोर नाव वाचले जाते याचीच टोचणी अधिक. कुंपण घातलेल्या गावांतून शेतकरी आपापल्या एकत्र केलेल्या जमिनीच्या मध्यावर घर बांधून दूर गेले. लॅक्स्टनच्या शेतकऱ्याचे पट्टे चहूकडे विखुरलेले, म्हणून घर गावातच ठेवणे त्यास सोयीचे. रोज सकाळी एकाच रस्त्याने निघावयाचे आणि संध्याकाळी एकाच रस्त्याने परतावयाचे. अशा शेजारात वीतभर जमीन चोरणे महाग पडते.

एक आठवड्याने कोर्ट भरते, तेही त्याच मद्यगृहात. जहागीरदाराचा कारभारी अध्यक्षस्थानी बसतो. बेलीफ जुन्या शब्दांत पुकारा करून सभा उघडतो, आणि हजर राहणे ज्यांचे कर्तव्य आहे अशांची यादी वाचली जाते. मागील आठवड्यातील ज्यूरीचा अहवाल येतो. कोणास दंड अन्याय्य वाटत असेल तर त्याने उठून बोलावे. त्याचे ऐकून घेतात. पूर्वी मोकाट गुरे धरून कोंडवाड्यात घालणाराही येथेच नेमला जाई. गावचा तो दगडविटांचा कोंडवाडा अजून दिसतो. मग पुढील वर्षाची ज्यूरी निवडावयाची. पुढील वर्षी गहू दुसऱ्या शेतात असणार, म्हणून त्या शेतात ज्यांचे पट्टे आहेत त्यांच्यातून नावे घेतात. नव्या मुख्याच्या हाती बायबल देऊन शपथ वाचून दाखवितात. तो शपथ घेतो, त्याच्यामागून इतर घेतात. बाहेर अंधार पडलेला असतो. खुंट्यांची गाडी पुढच्या नोव्हेंबरपर्यंत कोठारात जाते.